पासष्ट मिनिटांचा इतिहास

कोणत्याही फुटबॉल सामन्याची नोंद उघडली की प्रथम दिसतात ते गोल आणि ते करणाऱ्यांची नावे. ४ सप्टेंबर १९६२ रोजी जकार्ता येथे झालेल्या आशियाई क्रीडास्पर्धेतील अंतिम सामन्याची नोंदही याला अपवाद नाही. भारत २, दक्षिण कोरिया १. सतराव्या मिनिटाला प्रदीपकुमार बॅनर्जी, विसाव्या मिनिटाला जर्नेल सिंग आणि पंचाऐंशीव्या मिनिटाला कोरियाचा एकमेव गोल. विसाव्यापासून पंचाऐंशीव्या मिनिटापर्यंतची पासष्ट मिनिटे या नोंदीत कोरी आहेत. एवढा वेळ प्रतिस्पर्ध्याला गोल करू दिला गेला नाही, पण न झालेल्या गोलासाठी नोंदवहीत रकाना नसतो. बचावपटूच्या कारकिर्दीचा इतिहास लिहू पाहणाऱ्याची पहिली अडचण ही अशी साधनांचीच आहे.

त्या दिवशी ही कोरी मिनिटे राखणाऱ्यांमध्ये फॉर्च्युनाटो फ्रँको हे एक होते. १९३७ साली बार्देश तालुक्यातील कोलवाळ येथे जन्मलेले फ्रँको फुटबॉलपटू म्हणून घडले ते मुंबईत. त्यांची मैदानावरील जागा हाफबॅकची. आजच्या परिभाषेत त्यांना कोणी बचावात्मक मध्यरक्षक म्हणेल. प्रतिस्पर्ध्याची चाल आपल्या बचावफळीपर्यंत पोचण्याआधीच मोडायची आणि चेंडू हाती आला की तो आघाडीवीरांच्या स्वाधीन करून मागे फिरायचे, हे त्या जागेचे काम. ज्याने ते चोख केले त्याच्याकडे प्रेक्षकांचे लक्ष जात नाही. चुकले तर मात्र सारे मैदान त्याच्याकडे पाहते.

फ्रँको यांची कारकीर्द ज्या काळात उभी राहिली त्याचा राजकीय नकाशा ध्यानात घ्यायला हवा. १९६०च्या रोम ऑलिंपिकसाठी भारतीय संघात त्यांची निवड झाली, तेव्हा त्यांचे जन्मगाव भारतात नव्हते. गोव्यावर पोर्तुगीजांचा अंमल होता आणि तो संपायला १९ डिसेंबर १९६१ उजाडावा लागला. मुंबईत पोटापाण्यासाठी आलेल्या हजारो गोवेकरांप्रमाणे फ्रँको यांचेही गाव एका राज्यसत्तेखाली आणि आयुष्य दुसऱ्या राज्यसत्तेत होते. रोममध्ये त्यांना प्रत्यक्ष एकाही सामन्यात उतरवले गेले नाही. भारताचा सदरा अंगावर चढवून ते जकार्तात सुवर्णपदकासाठी खेळले, तेव्हा गोवा मुक्त होऊन नऊ महिनेही पुरते झाले नव्हते.

मराठवाड्यातील वाचकाला या कथेत आणखी एक ओळखीचा धागा सापडेल. या संघाचे प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम हे हैदराबादचे. पेशाने ते शिक्षक. १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे मुंबईचा रोव्हर्स करंडक जिंकणारा हैदराबाद सिटी पोलीस संघ त्यांच्याच तालमीत तयार झाला होता. त्या काळी आपले हे शहर, तेव्हाचे औरंगाबाद, हैदराबाद राज्यातच होते; १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा मुंबई राज्यात आला. म्हणजे मुंबईच्या कूपरेज मैदानावर जो संघ पाच वर्षे अजिंक्य ठरला, तो आपल्याच राजधानीचा संघ होता. मराठवाड्याच्या सांस्कृतिक इतिहासात या घटनेचा उल्लेख क्वचितच होतो. हैदराबाद १९४८ साली भारतात आले, गोवा १९६१ साली. उशिराने देशात सामील झालेल्या दोन प्रदेशांतले हे गुरुशिष्य देशाच्या संघात एकत्र आले, हा योगायोग दुर्लक्षिण्याजोगा नाही.

रहीम यांनी भारतीय फुटबॉलला काय दिले, हे समजायचे तर १९५२च्या हेलसिंकी ऑलिंपिककडे जावे लागते. तेथे युगोस्लाव्हियाने भारताचा १०-१ असा पराभव केला. आपले बहुतेक खेळाडू अनवाणी खेळत होते आणि संघाची रचना जुन्या पद्धतीची होती : मागे दोन, मध्ये तीन, पुढे पाच. दहा खेळाडूंपैकी निम्मे आक्रमणाला आणि गोलरक्षकापुढे केवळ दोघे, ही मांडणी युरोपने केव्हाच टाकून दिली होती. त्यानंतर पायांत बूट आले. हळूहळू दोनांचे तीन आणि तीनांचे चार बचावपटूही झाले. १९५६ साली मेलबर्नला भारत चौथा आला आणि १९६२ साली आशियात पहिला. दहा वर्षांच्या या वाटचालीची कथा आपण आघाडीवीरांच्या नावाने सांगतो. तिचा पाया मात्र मागची फळी भक्कम होण्यात होता.

जकार्तातील स्पर्धेची सुरुवात पराभवाने झाली. पहिल्याच सामन्यात दक्षिण कोरियाने भारताला २-० असे हरवले. मग थायलंडवर ४-१, जपानवर २-० आणि उपांत्य सामन्यात दक्षिण व्हिएतनामवर ३-२ असा विजय. थायलंडविरुद्ध मध्यवर्ती बचावपटू जर्नेल सिंग यांचे डोके फुटले, सहा टाके पडले. जपानविरुद्ध ते खेळू शकले नाहीत. पुढच्या दोन्ही सामन्यांत रहीम यांनी त्यांना चक्क आघाडीवर खेळवले आणि दोन्ही सामन्यांत त्यांनी गोल केला. बाहेरचे वातावरणही विरोधी होते. इस्राएल आणि तैवान यांना स्पर्धेपासून दूर ठेवल्याबद्दल भारतीय प्रतिनिधीने घेतलेल्या आक्षेपामुळे इंडोनेशियात संतापाची लाट उसळली होती. अंतिम सामन्यात सुमारे एक लाख प्रेक्षक भारतीय संघाची हुर्यो उडवत होते. ज्या संघाकडून बारा दिवसांच्या आत सपशेल हार खाल्ली होती, त्याच संघाला आता दोन गोलांच्या आघाडीनिशी तासाहून अधिक काळ थोपवायचे होते, आणि तेही मध्यवर्ती बचावपटू मागे नसताना. अरुण घोष, चंद्रशेखर, त्रिलोक सिंग, फ्रँको आणि त्यांचे सहकारी यांची ती पासष्ट मिनिटे या संदर्भात पाहिली म्हणजे त्यांचे वजन कळते.

येथे एक विसंगती लक्षात घेण्याजोगी आहे. १९६२च्या संघातील बचावपटूंपैकी जनमानसात आजही टिकून राहिलेले नाव जर्नेल सिंग यांचे आहे. ते थोर बचावपटू होतेच. पण त्या स्पर्धेतील त्यांची जी आठवण सांगितली जाते, ती टाके पडलेल्या डोक्याने केलेल्या गोलांची. बचावपटू स्मृतीत शिरला तो आपली जागा सोडून पुढे गेला म्हणून.

मराठी मनाला बचावाचे मोल कळत नाही, असे कोणी म्हणणार नाही. घोडखिंड अडवून धरणारे बाजीप्रभू आणि पुरंदर लढवणारे मुरारबाजी ही आपल्या इतिहासातील दोन तेजस्वी नावे आहेत आणि दोघांचेही कर्तृत्व रक्षणाचे आहे. परंतु दोघेही तेथेच पडले. त्यांच्या मृत्यूने त्यांच्या रक्षणाला कथेचा शेवट दिला, म्हणून ते शाहिरांपर्यंत आणि शाळेच्या पुस्तकांपर्यंत पोचले. ज्या किल्लेदाराने वर्षानुवर्षे गड राखला, ज्याच्या पहाऱ्यामुळे शत्रू फिरकलाच नाही आणि जो म्हातारपणी अंथरुणात वारला, त्याचा पोवाडा कोणी रचला? रक्षणकर्त्याने स्मरणात राहायचे असेल तर त्याने एक तर धारातीर्थी पडावे, नाही तर आक्रमक व्हावे, अशी जणू आपल्या कथनपरंपरेची अटच आहे. फ्रँको यांनी यांपैकी काहीच केले नाही. त्यांनी आपली जागा राखली.

पुढेही त्यांची कारकीर्द भरीव होती. १९६३-६४ची संतोष करंडक स्पर्धा जिंकणाऱ्या महाराष्ट्र संघात ते होते आणि १९६४च्या आशिया चषकात उपविजेत्या ठरलेल्या भारतीय संघातही होते. मुंबईत टाटा आणि गोव्यात साळगावकर या संघांकडून ते खेळले. ‘व्यावसायिक खेळाडू’ हा शब्द त्या काळी भारतात कागदावर नव्हता. रेल्वे, पोलीस, गिरण्या, कंपन्या नोकरी देत आणि खेळाडू त्यांच्यासाठी खेळत. खेळावर पोट होते, पण ते आडवाटेने. त्यामुळे दुखापत ही केवळ शरीराची राहत नसे. ती माणसाची खेळाडू म्हणून असलेली ओळखच पुसून टाकी. गुडघ्याच्या दुखापतीने फ्रँको यांची कारकीर्द तिशीच्या आतच संपली.

जकार्ताच्या संघातील बॅनर्जी, बलराम, चुनी गोस्वामी, जर्नेल सिंग, अरुण घोष, युसुफ खान आणि थंगराज यांना १९६१ ते १९६७ या काळात अर्जुन पुरस्कार मिळाला. फ्रँको यांचे नाव त्या यादीत नाही. रहीम ११ जून १९६३ रोजी, विजयाला वर्षही पूर्ण होण्याआधी, कर्करोगाने गेले. त्यांच्यावर ‘मैदान’ हा हिंदी चित्रपट आला तो २०२४ साली. फ्रँको १० मे २०२१ रोजी निवर्तले. महासाथीच्या दुसऱ्या लाटेचे ते दिवस. वृत्तपत्रांची पाने मृत्यूच्या बातम्यांनी भरलेली होती. त्या गर्दीत त्यांची बातमीही येऊन गेली.

इतिहासलेखन हे घडलेल्या गोष्टींचे असते, असे आपण वर्गात शिकवतो. घडू न दिलेल्या गोष्टींचा इतिहास लिहिण्याची रीत मात्र अजून आपल्यापाशी नाही. वाङ्मयाच्या इतिहासातही लेखकांची प्रकरणे असतात. हस्तलिखितातले दोष वेळीच थोपवणाऱ्या संपादकाला तळटीप मिळाली तरी पुष्कळ. जकार्ताच्या निकालातील ‘२’ या आकड्याला दोन नावे जोडलेली आहेत. त्याच्या शेजारचा ‘१’ पासष्ट मिनिटे शून्य होता आणि अखेरच्या पाच मिनिटांत त्याचा ‘२’ झाला नाही. फ्रँको आणि त्यांच्या साथीदारांची सही आहे ती तेथे.