खोटी फौजदारी तक्रार आणि घटस्फोट : कायदा काय म्हणतो?

बौद्ध पद्धतीने लागलेल्या लग्नालाही हिंदू विवाह कायदा, १९५५ लागू होतो, हे कलम २ मध्ये स्पष्ट लिहिले आहे. नोंदणी विवाह केला असेल तर विशेष विवाह कायदा, १९५४ लागू होतो. ‘खोटी तक्रार’ असे घटस्फोटाचे वेगळे कारण या दोन्ही कायद्यांत नाही. ती ‘क्रूरता’ या कारणात मोडते आणि पती-पत्नी दोघांनाही त्यावर दाद मागता येते.

सर्वोच्च न्यायालयाचे तीन निकाल आपण लक्षात ठेवावेत.

के. श्रीनिवास विरुद्ध के. सुनीता (२०१४) : जाणूनबुजून केलेली एक खोटी फौजदारी तक्रारही क्रूरता ठरण्यास पुरेशी आहे.

राज तलरेजा विरुद्ध कविता तलरेजा (२०१७) : आरोप धडधडीत खोटे ठरले म्हणून पतीला घटस्फोट मिळाला. मात्र तक्रारीवर कारवाई झाली नाही किंवा आरोपी निर्दोष सुटला, एवढ्यावरून ती तक्रार क्रूरता ठरत नाही, हेही न्यायालयाने बजावले.

विजयकुमार भाटे विरुद्ध नीला भाटे (२००३) : हा फौजदारी तक्रारीचा खटला नव्हता. पतीने कोर्टातल्या लेखी जबाबात पत्नीच्या चारित्र्यावर केलेले आरोप क्रूरता ठरले.

आमच्या मते सर्वांत महत्त्वाचा मुद्दा दुसऱ्या निकालात आहे. घराच्या चार भिंतींआड झालेल्या मारहाणीला साक्षीदार क्वचितच मिळतो. त्यामुळे ४९८-अ (१ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता, कलम ८५) खालचा खटला पुराव्याअभावी सुटू शकतो. ‘सिद्ध झाले नाही’ आणि ‘खोटे होते’ यांत मोठे अंतर आहे. ते पुसले गेले तर खरोखर छळ सोसलेली बाई पोलीस ठाण्याची पायरी चढायला घाबरेल.

म्हणून घटस्फोट मागणाऱ्याने केवळ सुटकेच्या आदेशावर विसंबू नये. एफआयआर, दोषारोपपत्र, उलटतपासणीतील कबुली आणि संपूर्ण निकालपत्र यांच्या प्रमाणित प्रती कौटुंबिक न्यायालयात द्याव्यात. सुटका संशयाचा फायदा देऊन झाली की घटना घडलीच नाही म्हणून, हे निकालपत्रातच कळते.

हिंदू कोड बिलात घटस्फोटाचा हक्क होता. ते बिल रखडले, तेव्हा १९५१ मध्ये बाबासाहेबांनी मंत्रिपद सोडले. तो हक्क सूड घेण्यासाठी नव्हे, माणसासारखे जगता यावे यासाठी आहे, हे पती-पत्नी दोघांनीही ध्यानात ठेवावे.