शांघाय पोलीस पिस्तूल कसे शिकले?

मागच्या वेळी आपण शांघायच्या इंटरनॅशनल सेटलमेंटपर्यंत आलो होतो. चीनच्या भूमीवरची, पण कारभार मुख्यतः इंग्रजांच्या हाती असलेली ती वसाहत. तिच्या पोलीस दलात इंग्रज अधिकारी, चिनी शिपाई आणि आपल्याकडून नेलेले पंजाबी शीख. आज एवढंच बघू, की हे लोक पिस्तूल चालवायला कसे शिकले.

त्या काळी पिस्तूल शिकणं म्हणजे नेमबाजी. एक कूस लक्ष्याकडे करून उभं राहायचं, हात ताणायचा, एक डोळा मिटायचा आणि सावकाश चाप ओढायचा. कागदावरच्या काळ्या वर्तुळात गोळी लागली की झालं. दिसायला मोठं ऐटदार.

विल्यम फेअरबर्न हा १९०७ साली या दलात आला. पूर्वी तो रॉयल मरीन्समध्ये होता. त्यानं आणि एरिक साईक्सनं १९४२ साली ‘शूटिंग टु लिव्ह’ हे पुस्तक काढलं. त्यात साडेबारा वर्षांतल्या ६६६ सशस्त्र चकमकींची नोंद आहे. (आकडा पोलिसांच्या वहीतला, हे ध्यानात असू द्या. गल्लीतल्या माणसांची वही कुणी ठेवली नव्हती.)

आता या चकमकी कुठे व्हायच्या? बोळात, जिन्यावर, अपुऱ्या उजेडात, चार-सहा पावलांवर. तिथे डोळा मिटायला सवड कुणाला? घाबरलेला माणूस आपसूक वाकतो, मूठ घट्ट आवळतो, दोन्ही डोळे समोरच्यावर रोखतो. जुने उस्ताद याला चुका म्हणायचे आणि त्या मोडून काढायला बघायचे. फेअरबर्ननं उलटं केलं. भीतीनं शरीर जे करणारच आहे, त्यावरच शिक्षण उभं केलं. माझ्या मते त्याचं खरं कर्तृत्व एवढंच, पण ते लहान नाही.

शिकणारे कोण, तेही बघा. बरेचसे चिनी शिपाई, पिस्तूल प्रथमच हातात घेतलेले. म्हणून पद्धत सोपी हवी होती. पिस्तुलाचा सुरक्षा खटका कायमचा निकामी करून टाकला. त्याऐवजी नळीत गोळी ठेवायचीच नाही. पिस्तूल काढतानाच ती भरायची. शिवाय सरावासाठी अंधारं घर, मध्येच फुटणारे फटाके, अवचित पुढे येणारे पुतळे. दुसऱ्या महायुद्धात हेच धडे फेअरबर्ननं ब्रिटिश कमांडोंना आणि पुढे अमेरिकन हेरांना दिले.

पण एक तारीख राहिली. ३० मे १९२५. नानजिंग रोडवर, लाउझा ठाण्यासमोर निदर्शकांची गर्दी जमली होती. एका जपानी गिरणीत मारल्या गेलेल्या चिनी कामगारासाठी ती माणसं आली होती. इन्स्पेक्टर एव्हरसननं गोळीबाराचा हुकूम दिला. झाडणारे शिपाई शीख आणि चिनी. किमान नऊ माणसं मेली आणि चीनभर संप, बहिष्कार सुरू झाले. अंतर इथेही फार नव्हतं. फरक एवढाच, की समोरच्यांच्या हातात पिस्तुलं नव्हती.

असं पुन्हा घडू नये म्हणून दलानं दंगलीसाठी वेगळी तुकडी काढली. ती घडवायचं काम आलं फेअरबर्नकडेच.