मधे उभा राहणारा

'मध्य' म्हणजे मधे, 'स्थ' म्हणजे उभा असलेला. 'मध्यस्थ' हा शब्द असा सरळ फुटतो. पण नुसते मधे उभे राहून भागत नाही. गीतेच्या सहाव्या अध्यायात 'उदासीन' आणि 'मध्यस्थ' लागोपाठ येतात, तरी वेगळे. शंकराचार्यांचे भाष्य फरक सांगते: उदासीन कोणाचीच बाजू घेत नाही, मध्यस्थ भांडणाऱ्या दोघांचेही हित पाहतो.

किती नेमकी व्याख्या!

कायद्यातला मध्यस्थ बोलणी घडवतो, निवाडा देत नाही. निवाडा देतो तो लवाद. मराठीने हे दोन शब्द वेगळे राखले, हे मोठेच काम. हिंदीत १९९६ च्या लवाद कायद्याचे नाव 'माध्यस्थम्', तर २०२३ च्या मध्यस्थी कायद्याचे 'मध्यस्थता'. वाचणाऱ्याची गल्लत ठरलेलीच. आपल्याकडे हरित न्यायाधिकरणाला म्हणतात तो 'हरित लवाद' हा शब्द मात्र खटकतो. लवाद पक्षकारांनी संमतीने नेमायचा असतो. हे न्यायाधिकरण तर कायद्याने स्थापलेले आहे.

संमतीने नेमलेल्या लवादाचे एक उदाहरण पाहा. १९१८ मध्ये अहमदाबादचे गिरणी कामगार ३५ टक्के पगारवाढ मागत होते, मालक २० टक्क्यांवर अडले होते. गांधीजींच्या उपोषणानंतर दोघांनी गुजराती विद्वान आनंदशंकर ध्रुव यांना लवाद मानले. ध्रुवांनी ३५ टक्के दिले.