जिम डेव्हलिनचे दोन हंगाम

इतिहासाच्या न्यायासनापुढें राजे आणि सेनापती तेवढे उभे राहतात, असा आपला सामान्य समज आहे. परंतु एखाद्या खेळाडूच्या अल्प कारकीर्दींतहि अपराध आणि शिक्षा यांचा असा गुंता सांपडतो कीं, विचारी वाचकानें तेथें क्षणभर थांबावें. जिम डेव्हलिन या अमेरिकन खेळाडूची हकीकत आम्हांस तशी वाटते.

डेव्हलिन १८४९ सालीं फिलाडेल्फिया येथें जन्मला. १८७६ सालीं नॅशनल लीग स्थापन झाली, त्याच वर्षीं तो लुइव्हिल ग्रेज या धंदेवाईक बेसबॉल संघाचा पिचर झाला. पिचर म्हणजे आपल्या क्रिकेटमधील गोलंदाजच. मात्र तो षटकागणिक बदलत नाहीं. त्या काळीं ४५ फुटांवरून, हात कमरेखालीं ठेवून चेंडू फेंकावा लागे. १८७७ सालीं लुइव्हिलचे ६१ सामने झाले. त्या सर्वांत, आरंभापासून अखेरपर्यंत, एकटा डेव्हलिनच चेंडू फेंकीत होता! एका संघाच्या साऱ्या हंगामाचा भार एकाच पिचरनें वाहिल्याचें दुसरें उदाहरण त्या लीगमध्यें नाहीं.

ऑगस्टमध्यें लुइव्हिल सर्वांच्या पुढें होता. मग अकस्मात् पराभवामागून पराभव झाले आणि अजिंक्यपद बोस्टननें नेलें. संशय बळावला, तेव्हां संघाचे उपाध्यक्ष चार्ल्स चेस यांनीं खेळाडूंस आलेल्या तारा पाहण्याची परवानगी मागितली. तारांत ‘सॅश’ हा शब्द वारंवार येई. सामना विकल्याची ती खूण होती. डेव्हलिन व जॉर्ज हॉल यांनीं कबुली दिली. अल् निकल्सहि त्यांत सांपडला. बिल क्रेव्हर याच्याविरुद्ध पैसे घेतल्याचा पुरावा निघाला नाहीं. पण तारा दाखविण्यास त्यानें नकार दिला होता. चौघांवरहि जन्माचा बहिष्कार पडला.

पुढें डेव्हलिननें बोस्टनचे हॅरी राइट यांस पत्र लिहून कसलेंहि काम मागितलें. मैदान राखण्याचेंहि चालेल, अशी त्याची विनवणी होती. लीगचे अध्यक्ष विल्यम हल्बर्ट यांच्यापुढें त्यानें गुडघे टेकले. हा प्रसंग स्पाल्डिंग यांनीं १९११ च्या आपल्या ग्रंथांत नमूद केला आहे. हल्बर्ट यांनीं त्याच्या हातीं पन्नास डॉलर ठेविले, पण त्यास पुन्हां कधींहि खेळूं देणार नाहीं, असें बजाविलें. अखेर तो फिलाडेल्फियांत पोलीस शिपाई झाला आणि १८८३ सालीं क्षयानें वारला.

हल्बर्ट निष्ठुर होते काय? आम्हांस तसें वाटत नाहीं. प्रेक्षक पैसे देऊन येतो तो सामना खरा आहे या विश्वासानें. तो विश्वास गेल्यावर खेळ उरत नाहीं. खिशांतून मदत आणि पदावरून नकार, हें दोन्ही त्यांनीं एकाच वेळीं केलें, यांत त्यांचा विवेक दिसतो. मात्र क्रेव्हरच्या बाबतींत हाच न्याय डळमळतो. कबुलीजबाब देणारा आणि केवळ आपली खासगी तार न दाखविणारा, या दोघांस एकाच मापानें मोजणें आम्हांस मान्य नाहीं. दंड कठोर असला तरी चालेल. पण तो पुराव्यावर उभा असला पाहिजे. डेव्हलिनचा अपराध त्याच्याच तोंडून सिद्ध झाला होता. म्हणूनच त्याच्याविषयीं आम्हांस दया येते, तक्रार करवत नाहीं. क्रेव्हरच्या वतीनें मात्र तक्रार अजून शिल्लक आहे.