भोगीची भाजी आणि चंदीगडचे शिवार

चंदीगडच्या इतिहासाचे लेखक बहुधा ल कॉर्ब्युझियेच्या इमारतींपाशीच थांबतात. आम्हां बदलीवर आलेल्या मराठी मंडळींना मात्र तो इतिहास स्वयंपाकघरातही आढळतो. ही राजधानी शेतांवर आणि खेड्यांवर उभी राहिली. तथापि १९५२ च्या परीघ-नियंत्रण कायद्याने शहराभोवतीच्या पाच मैलांत वाटेल तसे बांधकाम करण्यास आळा घातला. १९६२ मध्ये ही मर्यादा दहा मैलांवर गेली. नगरास दूध व भाजीपाला जवळूनच मिळावा, हा त्यामागील एक हेतू होता. पुढे १९८७ साली पंजाबात ‘अपनी मंडी’ सुरू झाली आणि शेतकरी दलालावाचून आपला माल गिऱ्हाइकापुढे मांडू लागला.

पौषात त्या बाजारात लाल गाजरे, मटार, सरसोंची पाने आणि हिरवा हरभरा, म्हणजे येथला ‘छोलिया’, येतो. लोहडी व आपली भोगी बहुतेक वर्षी १३ जानेवारीसच पडतात. शेजारी सरसोंचा साग शिजत असतो; आमच्या घरी त्याच मंडईतील गाजर-हरभऱ्याची, तिळाचे कूट घातलेली लेकुरवाळी भाजी होते. भाकरीची बाजरी तेवढी हिसार-भिवानीकडची.

मोहाली, पंचकुला व झिरकपूर यांनी आता त्या परिघातील पुष्कळ शेती व्यापली आहे. भोगीचा दिवस पंचांग सांगते. भाजी मात्र जवळचे शिवारच देते. ते शिवार राखणे म्हणूनच आम्हां परस्थांच्याही हिताचे आहे.