मालकंस, 303 आणि परभणीतली रात्र

पंखा बंद करा. परभणीच्या एप्रिलमध्ये हे सांगणं सोपं नाही, पण पंख्याच्या घरघरीखाली जे दडतं तेच ऐकायचं आहे. कान पूर्ण झाकणारे हेडफोन चढवा, आवाज निम्म्यावर ठेवा. जिंतूर रोडवरच्या वरातीचा डीजे एव्हाना थांबलाय. एलपीवरून 24 बिट, 96 किलोहर्ट्झमध्ये उतरवून घेतलेली फाइल सुरू होते. आधी सुईची बारीक खरखर, मग मालकंस.

आणि तुम्ही 1982 च्या मुंबईत आहात. परभणीहून रेल्वेनं आला असता तर मनमाडला मीटरगेज सोडून ब्रॉडगेज धरावी लागली असती. इथं एचएमव्हीच्या स्टुडिओत चरणजित सिंग उभे आहेत, हिंदी सिनेमाच्या ऑर्केस्ट्रात मुरलेले गिटारवादक. तबलजी कुणी नाही. रोलंड कंपनीची तीन यंत्रं तेवढी आहेत: ज्युपिटर-8 सिंथेसायझर, ताल धरणारं टीआर-808 आणि बेससाठी टीबी-303, फूटभर लांबीचा चंदेरी डबा. ‘सिंथेसायझिंग: टेन रागाज टू अ डिस्को बीट’ या रेकॉर्डचं ध्वनिमुद्रण दोन दिवसांत उरकायचं आहे.

त्या चंदेरी डब्याजवळ सरका. यात स्वर एका फेरीत भरायचे, त्यांची लय दुसऱ्या फेरीत. काही स्वरांना ‘स्लाइड’ लावायची, म्हणजे एक स्वर न तुटता घसरत पुढच्यात जातो. ही तर मींड! गिटारवाल्याला बेसची साथ मिळावी म्हणून जपानमध्ये बनलेल्या यंत्रात ती आहे. मालकंसात रिषभ आणि पंचम वर्ज्य. उरलेल्या पाच स्वरांतून बेस पळत राहतो, आणि स्वर घसरतो ती जागा तुम्हाला आता स्वच्छ ऐकू येते.

हे श्रेय फाइलच्या मोठ्या आकड्यांचं नाही. साधी सीडीही कानाला ऐकू येणाऱ्या सगळ्यात खालच्या सुरापर्यंत पोचते. 24 बिटांचा फायदा उतरवून घेताना: आवाज फाटू नये म्हणून पातळी खाली ठेवली तरी बारीकसारीक हरवत नाही. बेस मिळतो तो हेडफोनमुळे. 808 चा खालचा ठोका 50 हर्ट्झच्या आसपास घुमतो, मोबाइलच्या स्पीकरला तो पेलतच नाही. गोंधळात संबळाचा घुमारा ज्यांनी जवळून ऐकलाय, त्यांना तो लगेच ओळखू येईल.

तेव्हा ही रेकॉर्ड फारशी खपली नाही. 1987 मध्ये शिकागोच्या फ्यूचर या गटानं याच 303 वर ‘ॲसिड ट्रॅक्स’ काढलं आणि ॲसिड हाउस हा नृत्यसंगीताचा प्रकार जगभर गेला. 2010 मध्ये एका डच लेबलनं चरणजितांची रेकॉर्ड पुन्हा काढली, तेव्हा ती ‘ॲसिड ट्रॅक्स’च्या पाच वर्षं आधीची आहे हे पाहून लोक चकित झाले. उतारवयात ते युरोपात ही यंत्रं घेऊन वाजवायला गेले. 2015 मध्ये मुंबईत वारले. मला वाटतं, हे काम आपल्याकडे अजून पुरतं ऐकलंच गेलेलं नाही.

मालकंस संपला. पुढचा बैरागी सकाळचा राग आहे, तो उद्या पहाटे लावा.