'पॅटन'च्या दोन ब्लू-रे आल्या, पण चकाचक दिसणारीच नापास का झाली?

पॅटन म्हटलं की आपल्याकडं आधी रणगाडा आठवतो. १९६५ च्या युद्धात पंजाबातल्या असल उत्तरला भारतीय सैन्यानं पाकिस्तानचे पॅटन रणगाडे निकामी केले. ते जिथं गोळा करून ठेवले, त्या जागेला पॅटन नगर नाव पडलं.

या रणगाड्याला ज्याचं नाव मिळालं, त्या अमेरिकन जनरल जॉर्ज पॅटनवर १९७० साली सिनेमा आला. गंमत म्हणजे सिनेमात जर्मनांचे म्हणून दाखवलेले रणगाडेही पॅटनच आहेत. बरंचसं शूटिंग स्पेनमध्ये झालं आणि तिथल्या सैन्याकडं तेच होते.

सिनेमाला ७ ऑस्कर मिळाले. मुख्य भूमिका करणाऱ्या जॉर्ज सी. स्कॉटनं स्वतःचं ऑस्कर नाकारलं, तो किस्सा वेगळाच.

२००८ मध्ये या सिनेमाची पहिली ब्लू-रे आली. चित्र एकदम स्वच्छ, एक डाग नाही. बऱ्याच जणांना ती आवडलीही. पण जाणकारांनी टीका सुरू केली. 'लॉरेन्स ऑफ अरेबिया' नव्यानं उभा करणारे रॉबर्ट हॅरिस त्यातलेच एक.

कारण होतं ग्रेन.

फिल्मवरचं चित्र रसायनांच्या बारीक कणांनी बनतं. हे कण पडद्यावर हलक्या रवाळपणासारखे दिसतात, त्यालाच ग्रेन म्हणतात. नव्या टीव्हीवर लोकांना तो खराबी वाटतो, म्हणून कंपन्या सॉफ्टवेअरनं पुसतात. पण चित्रच त्या कणांचं असल्यामुळं कण पुसताना बारीक तपशीलही जातो. चेहऱ्याची त्वचा मेणाच्या पुतळ्यासारखी गुळगुळीत होते. आपल्या मोबाईलचं ब्युटी फिल्टर करतं तसंच काहीसं.

'पॅटन'चं जास्त वाईट वाटतं, कारण तो नेहमीच्या ३५ नव्हे तर ६५ मिलिमीटर फिल्मवर शूट झाला होता. एवढ्या मोठ्या निगेटिव्हवर ग्रेन मुळातच बारीक असतो. पुसायची गरजच नव्हती. 'द लाँगेस्ट डे' या दुसऱ्या युद्धपटाच्या ब्लू-रेबद्दलही हीच तक्रार झाली.

शेवटी २०१२ मध्ये 'पॅटन'ची नवी ब्लू-रे आली आणि तिच्यात ग्रेन परत दिसला. दोन्ही डिस्क १०८० पिक्सेलच्याच, त्यामुळं बॉक्सवरचा आकडा वाचून काहीच कळत नाही.

मग ओळखायचं कसं? सुरुवातीचं भाषण लावा. प्रचंड झेंड्यासमोर पॅटन उभा आहे. क्लोजअपला पॉज करा. स्कॉटच्या चेहऱ्यावरच्या सुरकुत्या, गणवेशाचं विणकाम, पदकांच्या कडा दिसतायत का बघा. कडेभोवती पांढरी रेघ दिसली तर चित्र ओढूनताणून शार्प केलंय समजा. वरखाली काळ्या पट्ट्या दिसतील, तो दोष नाही. सिनेमाची चौकटच तेवढी रुंद आहे. झूम करून त्या घालवू नका, बाजूचं चित्र कापलं जातं. आवाजासाठी जेरी गोल्डस्मिथच्या संगीतातले घुमत विरत जाणारे ट्रम्पेट ऐका.

सेकंडहँड घेताना आवृत्तीचं साल विचाराच.

आणि डिस्कला नावं ठेवण्याआधी टीव्हीच्या सेटिंगमधलं नॉइज रिडक्शन बंद करा. ते चालू असेल तर २०१२ ची डिस्कही २००८ सारखीच दिसेल.